डिगबोईचा तेलवारसा : आसाम ऑइल कंपनीची वाटचाल

येत्या ११ डिसेंबर २०२६ रोजी वरच्या आसामातील डिगबोईचा तेलशुद्धीकरण कारखाना १२५ वर्षांचा होत आहे. जगातील आजही चालू असलेल्या सर्वांत जुन्या तेलशुद्धीकरण कारखान्यांमध्ये त्याची गणना होते. हा कारखाना ज्या आसाम ऑइल कंपनीने उभारला, ती परदेशी भांडवलावर, लंडनच्या बाजारात उभी राहिलेली कंपनी. तिची मालकी बदलत गेली आणि अखेर तिचा सारा व्याप भारत सरकारकडे आला. या सगळ्या उलथापालथीत विहिरी वाहत राहिल्या आणि कारखान्याची भट्टी पेटती राहिली. ती पेटती ठेवणाऱ्या माणसांच्या चार-पाच पिढ्यांचे काम एकत्र नोंदवावे, यासाठी शतकोत्तर रौप्यमहोत्सवाच्या या स्मरणिकेत हा इतिहास देत आहोत.

पूर्वपीठिका : १८२५ ते १८८०

पाटकाई डोंगररांगांच्या पायथ्याशी, बुढी दिहिंग नदीच्या खोऱ्यात जमिनीतून तेल पाझरते, हे स्थानिक लोकांना पूर्वीपासून ठाऊक होते. सरकारी दप्तरात त्याची नोंद पडली ती १८२५ मध्ये. लेफ्टनंट विल्कॉक्स या ब्रिटिश अधिकाऱ्याने नदीकाठचे असे झरे पाहून लिहून ठेवले. १८६५ मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण विभागाचे मेडलिकॉट यांनी माकुम परिसरात चाचणी विहिरी खोदाव्यात, अशी शिफारस केली.

कोलकात्याच्या मॅककिलॉप, स्ट्युअर्ट आणि कंपनीचे गुडइनफ यांनी ती मनावर घेतली. नाहरपुंग येथील त्यांच्या पहिल्या प्रयत्नाला फळ आले नाही. माकुमला मात्र २६ मार्च १८६७ रोजी ११८ फूट खोलीवर तेल लागले. अमेरिकेत पेनसिल्व्हेनियातील टायटसव्हिल येथे ड्रेक यांची प्रसिद्ध विहीर लागून तेव्हा अवघी आठ वर्षे झाली होती. आशिया खंडात यंत्राने खोदून तेल लागलेली ही पहिली विहीर मानली जाते. परंतु तेल वाहून न्यायला रस्ता नव्हता, आगगाडी नव्हती, बाजारपेठही जवळ नव्हती. जमिनीत तेल असूनही उद्योग उभा राहू शकला नाही.

१८८१ ते १८९० : रुळांमागून आलेले तेल

ही उणीव भरून निघाली ती कोळसा आणि चहा यांच्यामुळे. १८८१ मध्ये लंडनमध्ये आसाम रेल्वेज अँड ट्रेडिंग कंपनी स्थापन झाली. ब्रह्मपुत्रेकाठच्या दिब्रुगडपासून मार्गेरिटा-लेडोच्या कोळसा खाणींपर्यंत मीटरगेज मार्ग टाकणे हे तिचे पहिले काम. १८८४ पर्यंत गाडी मार्गेरिटाला पोहोचली. घनदाट जंगल, वर्षातील सात-आठ महिने पाऊस, हिवताप आणि काळाआजार अशा मुलखात मजुरांनी हा मार्ग टाकला. पुढच्या साऱ्या तेलउद्योगाचा पाया याच मजुरांनी घातला, हे आवर्जून नोंदवायला हवे.

जंगलात लाकूड ओढणाऱ्या हत्तींचे पाय तेलाने माखलेले दिसले आणि त्यावरून डिगबोईचे तेल सापडले, अशी कथा या भागात आजही सांगतात. कागदोपत्री श्रेय जाते ते कंपनीचे अभियंते डब्ल्यू. एल. लेक यांना. या जागी विहीर खोदावीच, असा आग्रह त्यांनी कंपनीपाशी धरला आणि तो तडीस नेला. सप्टेंबर १८८९ मध्ये डिगबोईची पहिली विहीर सुरू झाली. बॉयलर आणि अवजड सामान हत्तींनी ओढून आणले. लाकडी मनोरा उभारला. वाफेच्या जोरावर लोखंडी छिन्नी उचलायची, वरून आपटायची, फुटलेला खडक उपसायचा आणि पुन्हा छिन्नी खाली सोडायची, अशी त्या काळची पद्धत. एकेक फूट असा कुटून काढत नोव्हेंबर १८९० मध्ये ६६२ फुटांवर विहीर पूर्ण झाली. भारतात व्यापारी तत्त्वावर तेल देणारी ही पहिली विहीर होय.

१८९१ ते १९०० : कंपनीची स्थापना

पहिल्या विहिरीच्या यशानंतर आणखी विहिरी खोदल्या गेल्या. १८९३ मध्ये मार्गेरिटा येथे शुद्धीकरणाचा एक छोटा कारखानाही सुरू झाला. परंतु रेल्वे, कोळसा, लाकूड आणि तेल असा चौफेर व्याप एकाच कंपनीला झेपेना. तेलाचे काम स्वतंत्र भांडवल आणि स्वतंत्र व्यवस्था मागत होते.

त्यातून १८९९ मध्ये आसाम ऑइल कंपनी स्थापन झाली. तिचे भांडवल ३ लाख १० हजार पौंड होते. डिगबोई आणि माकुम येथील तेलाचे हक्क तिच्याकडे आले. मार्गेरिटाचा कारखाना अपुरा पडत होता, तेव्हा नवा कारखाना थेट विहिरींच्या शेजारी, डिगबोईतच उभारायचे नव्या कंपनीने ठरवले.

१९०१ ते १९२० : पहिली कठीण वर्षे

११ डिसेंबर १९०१ रोजी डिगबोईचा कारखाना सुरू झाला. त्याची क्षमता दिवसाला ५०० पिंपे होती. आजच्या मानाने ती अगदी लहान वाटेल, पण त्या काळी देशाच्या या टोकाला असा कारखाना उभा राहणे हीच मोठी गोष्ट होती. चहाच्या मळ्यांना आणि आसपासच्या गावांना रॉकेल मिळू लागले. डिगबोईच्या तेलात मेणाचे प्रमाण भरपूर आहे. हे मेण वेगळे काढून विकणे हा कंपनीच्या उत्पन्नाचा महत्त्वाचा भाग झाला आणि मेणासाठी डिगबोईचे नाव सर्वदूर झाले.

तरीही ही वीस वर्षे ओढाताणीची गेली. भांडवल तुटपुंजे होते आणि तेलक्षेत्राचा अनुभव असलेले तंत्रज्ञ कमी होते. जमिनीखालच्या थरांचा पद्धतशीर अभ्यास झालेला नसल्यामुळे नवी विहीर कुठे घ्यावी, याचा अंदाज वरच्या खुणांवरून बांधावा लागे. काही विहिरी लागत, काही कोरड्या जात. पहिल्या महायुद्धात विलायतेहून यंत्रसामग्री येणेही कठीण झाले. अशा दिवसांतही कंपनीने काम बंद केले नाही. मोडलेले यंत्र जागेवरच दुरुस्त करणारे लोहार, सुतार आणि फिटर यांच्या बळावर ही वर्षे निभावली. दुरुस्तीच्या या कामातूनच डिगबोईच्या कार्यशाळेची परंपरा सुरू झाली.

१९२१ ते १९४० : बर्मा ऑइलचे आगमन

१९२१ मध्ये आसाम ऑइल कंपनी बर्मा ऑइल कंपनीच्या ताब्यात आली. १८८६ मध्ये स्थापन झालेल्या या स्कॉटिश कंपनीला बर्मातील येनानजाउंगच्या तेलक्षेत्रांचा दांडगा अनुभव होता. इराणमध्ये तेल काढणारी अँग्लो-पर्शियन ऑइल कंपनी तिच्याच पुढाकाराने जन्माला आली होती. आसामच्या दक्षिणेस, सुरमा खोऱ्यातील बदरपूर येथेही बर्मा ऑइलचे तेलकाम चालू होते. नव्या मालकांपाशी पैसा होता आणि पैशापेक्षाही मोलाचे म्हणजे तेलाचे शास्त्र होते.

भूवैज्ञानिकांनी डिगबोईची रचना तपशीलवार तपासली. टिपाम नावाने ओळखल्या जाणाऱ्या वालुकाश्माच्या थरांना येथे कमानीसारखी घडी पडलेली आहे आणि त्या घडीत तेल अडकले आहे. ही घडी कुठून कुठे जाते, किती खोल उतरते आणि कोणत्या थरात किती तेल आहे, याचे नकाशे तयार झाले. विहिरींच्या जागा आता या नकाशांवरून ठरू लागल्या. कारखान्याचेही आधुनिकीकरण झाले. उत्पादन वाढत गेले आणि डिगबोई खऱ्या अर्थाने तेलनगरी बनली.

याच काळात गाव आकाराला आले. टेकड्यांवर बंगले, खाली कामगारांच्या वसाहती, रुग्णालय, क्लब आणि मैदाने अशी रचना झाली. आसामी, बंगाली, नेपाळी, पंजाबी आणि बिहार व संयुक्त प्रांतातून आलेली कुटुंबे येथे स्थायिक झाली. बापाच्या हाताखाली मुलगा शिकला आणि पुढे त्याच खात्यात लागला, अशी असंख्य घरे डिगबोईत आहेत.

कामगारांनी याच काळात आपली संघटना उभारली. पगार, घरे आणि युनियनला मान्यता या मागण्यांसाठी १९३९ मध्ये मोठा संप झाला. एप्रिल महिन्यात झालेल्या पोलीस गोळीबारात कामगारांना प्राण गमवावे लागले. आसामच्या कामगार चळवळीच्या इतिहासात या संपाला मानाचे स्थान आहे. प्राण गमावलेल्या कामगारांना या प्रसंगी आम्ही आदरांजली वाहतो. आज तेलउद्योगातील कामगाराला जे हक्क मिळतात, त्यांत त्या पिढीचा वाटा मोठा आहे.

१९४१ ते १९५० : युद्धाच्या आघाडीवर

१९४२ मध्ये जपानी सैन्याने बर्मा घेतला. शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून येनानजाउंगच्या विहिरी आणि सिरियमचा शुद्धीकरण कारखाना ब्रिटिशांनी स्वतःच उद्ध्वस्त केला. बर्माचे तेल एका रात्रीत नाहीसे झाले आणि पूर्व आघाडीच्या अगदी पाठीशी असलेले डिगबोई एकाएकी अत्यंत महत्त्वाचे ठरले. डिगबोईपासून जवळच असलेल्या लेडो येथून डिसेंबर १९४२ मध्ये चीनकडे जाणाऱ्या रस्त्याचे काम सुरू झाले. हाच पुढे स्टिलवेल रोड म्हणून प्रसिद्ध झाला. ट्रक, बुलडोझर आणि विमाने यांना इंधन हवे होते.

डिगबोईने ते पुरवले. दिवसपाळी-रातपाळी करून विहिरींतून तेल काढले गेले. युद्धकाळात डिगबोई तेलक्षेत्राचे उत्पादन दिवसाला सुमारे ७,००० पिंपांपर्यंत गेले. या क्षेत्राच्या इतिहासातील हा उच्चांक ठरला. त्यासाठी विहिरींवर ताणही पुष्कळ पडला आणि पुढच्या वर्षांत उत्पादन घटत गेले. गावातील युद्धस्मशानात सुमारे २०० सैनिकांच्या समाधी आहेत. त्या काळाची साक्ष म्हणून ती जागा आजही निगुतीने राखलेली आहे.

१९४७ मध्ये फाळणी झाली. पंजाबातील अटकचे तेल आणि रावळपिंडीचा कारखाना पाकिस्तानात गेला. स्वतंत्र भारताकडे तेल काढणारे आणि शुद्ध करणारे एकच ठिकाण उरले, ते म्हणजे डिगबोई.

१९५१ ते १९६० : नाहरकटियाचा शोध

डिगबोईचे तेल उतरणीला लागले असताना कंपनीने ब्रह्मपुत्रेच्या सपाट खोऱ्याकडे नजर वळवली. तेथे जमिनीवर तेलाची एकही खूण नव्हती. नदीने आणून टाकलेल्या गाळाखाली खडक पूर्ण झाकलेले होते. अशा ठिकाणी गुरुत्वाकर्षणातील बारीक फरक मोजून आणि स्फोटाने निर्माण केलेल्या कंपनलहरी खडकांवरून परत कशा येतात, हे टिपून खालच्या रचनेचा अंदाज घ्यावा लागतो. महायुद्धामुळे मध्येच थांबलेले हे सर्वेक्षण पुन्हा सुरू झाले आणि १९५३ मध्ये बुढी दिहिंगच्या काठी नाहरकटिया येथे सुमारे तीन किलोमीटर खोलीवर तेल लागले. १९५६ मध्ये मोरानला दुसरे क्षेत्र सापडले.

स्वतंत्र भारतातील हा पहिला मोठा तेलशोध. पाझर पाहून तेल शोधण्याचे दिवस सरले आणि आतापर्यंत डोंगराच्या कडेने चाललेला शोध मैदानात उतरला. वरच्या आसामातील नंतरची बहुतेक मोठी क्षेत्रे याच वाटेने मिळाली.

एवढे तेल एकट्या परदेशी कंपनीच्या हाती राहावे, हे नव्या राष्ट्राला मानवणारे नव्हते. १९५६ च्या औद्योगिक धोरणाने खनिज तेल सरकारी क्षेत्रात घेतले. त्याच वर्षी तेल व नैसर्गिक वायू आयोग स्थापन झाला. तेलखात्याचे मंत्री केशवदेव मालवीय यांनी स्वदेशी तेलउद्योगाचा ध्यास घेतला होता. दीर्घ वाटाघाटींनंतर १८ फेब्रुवारी १९५९ रोजी ऑइल इंडिया ही रुपया भांडवलाची कंपनी स्थापन झाली. तिचे दोनतृतीयांश भाग बर्मा ऑइलकडे आणि एकतृतीयांश भाग भारत सरकारकडे होते. नाहरकटिया आणि मोरान तिच्याकडे गेले. डिगबोईची विहीरक्षेत्रे व कारखाना आसाम ऑइल कंपनीकडेच राहिला.

१९६१ ते १९८० : भागीदारीची दोन दशके

१९६१ मध्ये ऑइल इंडियातील सरकारचा वाटा निम्मा झाला. परदेशी कंपनी आणि सरकार यांनी बरोबरीच्या नात्याने चालवलेला हा प्रयोग वीस वर्षे टिकला. दुलियाजानला नवे मुख्यालय वसले. डिगबोईत घडलेले कितीतरी तंत्रज्ञ तेथे गेले आणि त्यांनी नवी पिढी तयार केली.

या काळातील सर्वांत मोठे काम म्हणजे नाहरकटिया ते बरौनी ही १,१५७ किलोमीटर लांबीची तेलवाहिनी. आसामचे तेल आसामातच शुद्ध व्हावे, अशी तेथील जनतेची आग्रहाची मागणी होती. त्यातून गुवाहाटीच्या नूनमाटी येथे रुमानियाच्या सहकार्याने कारखाना उभा राहिला आणि १ जानेवारी १९६२ रोजी पंतप्रधान जवाहरलाल नेहरूंच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. सोव्हिएत सहकार्याने उभारलेल्या बिहारमधील बरौनीच्या कारखान्यापर्यंत वाहिनी १९६४ मध्ये पोहोचली.

नाहरकटियाच्या तेलातही मेण भरपूर. थंडीत ते नळातच गोठण्याचा धोका होता. त्यावर तोडगा म्हणून तेल आधी तापवायचे आणि मग ठरावीक गतीने थंड करायचे, अशी व्यवस्था उभारण्यात आली. अशा रीतीने थंड केल्यावर मेणाचे स्फटिक वेगळ्या प्रकारे बनतात आणि तेल प्रवाही राहते. पूर, भूकंप आणि दलदल यांच्या प्रदेशातून अनेक नद्या ओलांडून जाणारी ही वाहिनी टाकणाऱ्या आणि राखणाऱ्या माणसांनी फार मोठी कामगिरी केली. तेलाबरोबर निघणाऱ्या वायूवर नामरूपचा खत कारखाना आणि वीजकेंद्र चालू लागले.

महाराष्ट्राशी असलेला दुवाही येथे सांगायला हवा. बर्मा ऑइल आणि शेल यांच्या एकत्रित कंपनीचा तुर्भे येथील कारखाना १९५५ मध्ये सुरू झाला. १९७६ मध्ये ती कंपनी सरकारने घेतली आणि तिचीच पुढे भारत पेट्रोलियम झाली. १९७४ मध्ये ‘सागर सम्राट’ने मुंबईच्या समुद्रात तेल शोधले, तेव्हा देशाच्या तेलनकाशावर आसामच्या शेजारी महाराष्ट्राचे नाव आले.

१९८१ ते २००० : राष्ट्राच्या स्वाधीन

आसाम आंदोलनाच्या काळात, १९८० मध्ये, तेलवाहिनी काही महिने बंद होती. आपल्या भूमीतील संपत्तीत आपला न्याय्य वाटा असावा, ही आसामच्या जनतेची भावना त्यातून साऱ्या देशापुढे आली. त्यानंतर १४ ऑक्टोबर १९८१ रोजी संसदेच्या कायद्याने बर्मा ऑइलचे ऑइल इंडियातील भाग आणि आसाम ऑइल कंपनीचा भारतातील संपूर्ण व्याप सरकारकडे आला. डिगबोईचे तेलक्षेत्र ऑइल इंडियाकडे गेले. कारखाना आणि विक्रीव्यवस्था इंडियन ऑइलकडे आली आणि तिच्यासाठी ‘आसाम ऑइल डिव्हिजन’ हा स्वतंत्र विभाग करण्यात आला. जुन्या कंपनीचे नाव त्या रूपाने जपले गेले.

परदेशी मालकांच्या काळातील शिस्त, नोंदवह्या आणि सुरक्षेचे नियम नव्या व्यवस्थेने कायम ठेवले. जुन्या कारखान्यात नवी यंत्रे बसवली आणि १९९६ पर्यंत त्याची क्षमता वर्षाला साडेसहा लाख टन झाली. आसाम करारातील वचनानुसार नुमालीगड येथे उभारलेला कारखाना १९९९ मध्ये राष्ट्राला अर्पण झाला.

२००१ ते आज

२००१ मध्ये कारखान्याची शताब्दी साजरी झाली. पहिल्या विहिरीच्या परिसरात उभारलेल्या संग्रहालयात जुने मनोरे, पंप, बॉयलर आणि छायाचित्रे पाहायला मिळतात. शालेय सहलीपासून भूविज्ञानाच्या विद्यार्थ्यांपर्यंत सर्वांनी पाहावे असे हे ठिकाण आहे.

२०२१ मध्ये नुमालीगड कारखान्यातील भारत पेट्रोलियमचे भाग विकले गेले आणि त्या कारखान्याची सूत्रे ऑइल इंडियाकडे आली. एका अर्थाने बर्मा ऑइलच्या दोन भारतीय वारसदारांमधलाच हा व्यवहार होता. २०२३ मध्ये ऑइल इंडियाला महारत्न दर्जा मिळाला.

या वाटचालीत धडेही मिळाले. मे २०२० मध्ये बाघजान येथील वायूविहिरीचा स्फोट झाला आणि जूनमध्ये तिला आग लागली. दोन अग्निशमन कर्मचाऱ्यांनी प्राण गमावले, अनेक कुटुंबांना घर सोडावे लागले आणि शेजारच्या मागुरी-मोटापुंग बील या पाणथळ जागेची मोठी हानी झाली. साडेपाच महिन्यांच्या प्रयत्नांनंतर विहीर शांत झाली. तेलउद्योगाला माणसांची आणि निसर्गाची काळजी उत्पादनाइतकीच घ्यावी लागते, हे या प्रसंगाने सर्वांना शिकवले.

ऋणनिर्देश आणि आवाहन

या संस्थेच्या उभारणीत संशोधकांचे, अभियंत्यांचे आणि व्यवस्थापकांचे श्रेय निर्विवाद आहे. परदेशी कंपनीने भांडवल आणले, शास्त्र आणले आणि कामाची शिस्त लावली, हे कृतज्ञतेने मान्य केले पाहिजे. तेवढ्याच कृतज्ञतेने हेही सांगितले पाहिजे, की ते ज्ञान या भूमीत रुजवले ते रुळ टाकणाऱ्या मजुरांनी, हत्ती हाकणाऱ्या माहुतांनी, मनोऱ्यावर चढणाऱ्या खलाशांनी, भट्टीजवळ पाळ्या करणाऱ्या कामगारांनी आणि त्यांची घरे सांभाळणाऱ्या स्त्रियांनी. १९८१ मध्ये मालक गेले, तेव्हा काम एक दिवसही अडले नाही, कारण काम जाणणारी माणसे येथेच होती. आसाम ऑइल कंपनीने देशाला दिलेला सर्वांत मोठा वारसा ही माणसे आहेत.

त्यांतील बहुतेकांची नावे कोणत्याही अहवालात नाहीत. म्हणून वाचकांना आमची विनंती आहे : आपल्या वडिलांनी, आजोबांनी डिगबोई, दुलियाजान किंवा तेलवाहिनीच्या कोणत्याही ठाण्यावर काम केले असेल, तर त्यांची छायाचित्रे, पत्रे, हजेरीपत्रके आणि आठवणी जपून ठेवा, लिहून काढा आणि डिगबोईच्या संग्रहालयापर्यंत पोहोचवा. दीडशेव्या वर्षाची स्मरणिका निघेल, तेव्हा हा इतिहास त्यांच्या नावांसह छापला जावा.